एका बुडीची माणसं

पोतामिया मार्थानाच्या पाठीवरचं तेल वाकड्या पट्टीनं निपटून काढत होती. मार्थाना पुढं वाकून, गुडघ्यांवर हनुवटी टेकून बसली होती, आणि तशीच बोलली. बंदरावर आज उत्तरेचा वारा सुटलाय असं सांगावं, तितक्याच सहज म्हणाली, "मावशी, माझा बाप्तिस्मा झालेलाच नाही म्हणे." पट्टी खांद्याच्या हाडापाशी थांबली, मग पुन्हा चालू झाली. स्नानगृहातली बायकांची वेळ संपत आली होती. पलीकडच्या कट्ट्यावर दोघीतिघी केस पिळत होत्या, दाराशी पोरं पायताणांची जोडी शोधत होती, आणि वाफेमुळं कुणाचाच चेहरा धड दिसत नव्हता. पोतामियाला ते बरं वाटलं. हीच पाठ तिनं सात वर्षांपूर्वी मंडळीच्या, म्हणजे त्यांच्या प्रार्थनाघराच्या, मागच्या दालनात, पडद्याआड, मानेपासून टाचेपर्यंत तेलानं माखली होती. तेव्हा ती पोरसवदा होती, पाठीचे मणके मोजता येत होते, आणि तेल लावताना गुदगुल्या होऊन ती हसली होती. पोतामियानं तिला दटावलं होतं, हात धरून कुंडाच्या तीन पायऱ्या उतरवल्या होत्या, आणि पडद्यावरून धर्मगुरूंचा हात आला होता, डोक्यावर टेकला होता, खाली दाबला होता. ख्रिस्ताच्या मरणात. एक बुडी. मग पोतामियानंच तिला वर ओढून पांढऱ्या कापडात गुंडाळलं होतं. झालेलं नाही म्हणजे काय, हे विचारावं असं तिला वाटलं, पण विचारण्यासारखं त्यात काही नव्हतं. काय ते तिला ठाऊक होतं.

मार्थाना बोलत राहिली. मंडळी ताब्यात घेतलेल्या नव्या लोकांनी यादी लावलीय म्हणाली. चुकीच्या मताच्या दुसऱ्या मंडळ्यांतल्या ज्यांनी तीन बुड्या घेतल्यात, त्यांना नुसतं कपाळाला तेल लावून आत घेतात. पण एका बुडीचे जे आहेत ते त्यांच्या लेखी मूर्तिपूजकच. पहिल्या दिवशी ख्रिस्ती करायचं, दुसऱ्या दिवशी शिकाऊ, तिसऱ्या दिवशी तोंडावर फुंकर मारून सैतान काढायचा, आणि मग सगळं मुळापासून. कालांदियोन, म्हणजे मार्थानाचा नवरा, धक्क्याजवळच्या दोरखान्यात सरकारी जहाजांचे दोर वळत असे. त्याला तिथल्या मुकादमानं सरळच सांगितलं होतं की सणापर्यंत घरातली सगळी आत हवीत. "तो म्हणतो, दोर एकदा भिजला काय नि तीनदा भिजला काय, घट्टच होतो," मार्थाना म्हणाली आणि हसली, मग हसू आवरलं. पाचवा महिना होता तिला. थोड्या वेळानं मान न वळवताच तिनं विचारलं, "जाऊ ना मी?" पोतामियानं पट्टीवरचं तेल बोटानं निपटून दगडावर झटकलं. "जा की," ती म्हणाली.

घरी जाताना ती नेहमीच्या वाटेनं गेली. घर म्हणजे मंडळीच्या मागं विधवांसाठी बांधलेल्या खोल्यांतली शेवटची खोली, जिच्या भिंतीला पलीकडच्या कुंडाची ओल लागलेली असे. गेल्या हिवाळ्यात एके दिवशी सकाळी मंडळीच्या दाराशी शिपाई उभे राहिले होते. मारहाण झाली नाही. सम्राटांचं पत्र वाचून दाखवलं गेलं, त्यात त्रैक्य, म्हणजे पिता, पुत्र आणि आत्मा मिळून एकच देव, हा शब्द चार वेळा आला. जुन्या धर्मगुरूंनी किल्ली दिली, टोपी घातली आणि ते वेशीबाहेर निघून गेले, पावसात, एका गाढवावर पुस्तकं लादून. त्यांच्यामागं चाळीसेक माणसं गेली. बाकीची दुपारी जेवायला घरी गेली. पोतामियाही गेली होती. मसुराची आमटी होती, ती नीट शिजली नव्हती, हे तिला अजून आठवत होतं. आठवड्याभरानं नवे आले. त्यांनी कुंड घासून काढलं, खारं पाणी ओतून पुन्हा घासलं. भिंतीपलीकडून दिवसभर घासण्याचा आवाज येत होता, आणि पोतामिया लोकर पिंजत तो ऐकत बसली होती. तिला राग आला नव्हता. कुंड घासायला झालंच होतं.

या शहरात वाद नवा नव्हता. ती लग्न होऊन आली तेव्हापासून ती तो ऐकत होती. मासळीबाजारात खारवलेला तुकडा तोलता तोलता कोळी विचारायचा, बाप आधी की मुलगा आधी ते सांगा, मग तोलतो. दोरखान्यात दोन गडी दोराची दोन टोकं धरून उलट दिशांनी मागं मागं सरत जायचे, आणि पन्नास हातांच्या अंतरावरून एक दुसऱ्याला ओरडून सांगायचा की पुत्र निर्माण केलेला आहे, आणि दुसरा ओरडायचा की जन्मलेला आहे, निर्माण केलेला नाही, आणि दोर मध्ये कुठंतरी सैल पडायचा. पोतामियालाही वाक्यं पाठ होती. देव तो अजन्मा. जो जन्मला तो अजन्मा नव्हे. म्हणून पुत्र पित्यासारखा नव्हे. कितीतरी वर्षं ती ही वाक्यं नव्या बायकांकडून घोकून घेत आली होती, आणि एखादी विचारायची, सारखा नाही तर मग आपण त्याच्यापुढं का वाकायचं, तेव्हा त्याचंही उत्तर तयार असायचं. ती ते द्यायची. पण रात्री अंथरुणावर पडल्यावर या वाक्यांपैकी एकही तिला कधी आठवलं नव्हतं. पुत्र थोरला की धाकटा, पित्याच्या तोडीचा की पायरीनं खाली, असं तिच्या मनात चित्रच उभं राहत नसे. पाण्याचं राहत असे. पाण्यात मोकळे सुटलेले केस, आणि वर येताना ते तोंडावर चिकटतात ते.

पोतामियाची लेक वास्सा सहा वर्षांची होती. बाप्तिस्मा तेव्हा कुणी इतक्या लहानपणी देत नसे. पाप करून होऊ दे, मग एकदम धुऊन टाकू, असा सगळ्यांचाच हिशेब. पोतामियाचा नवरा लीनोस धान्याच्या जहाजावर होता, इजिप्तहून यायला अजून महिना होता. (आला नाहीच तो. त्या वर्षी बरीच जहाजं आली नाहीत, आणि पुढं आयुष्यभर तिला त्याच्या मरणाचा असा एक दिवस धरता आला नाही.) ताप तिसऱ्या दिवशी चढला तो उतरेना. पोरीच्या ओठांना भेगा पडल्या, डोळे अर्धे उघडे राहू लागले, तेव्हा पोतामियानं शेजारणीला धर्मगुरूंकडं पिटाळलं. ते तेव्हा शहराच्या दुसऱ्या टोकाला सभेत होते. पुत्र पित्याशी 'एक' म्हणायचा की 'समान' म्हणायचा यावर बोलणं चाललं होतं. शेजारीण दाराशी दोन प्रहर उभी राहिली, मग परत आली आणि म्हणाली की येतो म्हणाले, शब्द ठरला की येतो. ती मंडळी तीन बुड्यांची होती. शहरात तेव्हा सगळ्याच मंडळ्या तीन बुड्यांच्या होत्या. संध्याकाळी वास्साचा श्वास बदलला. पोतामियानं कपडे भिजवायची लाकडी डोण ओढून चुलीपाशी आणली. पाणी गरम करायला हवं होतं हे तिला नंतर कळलं. नंतर म्हणजे दुसऱ्या दिवशी, चूल बघताना. त्या वेळी तिनं फक्त रांजणातलं पाणी ओतलं, पोरीचा अंगरखा काढला, तिला दोन्ही हातांवर घेतलं, आणि पित्याच्या नावानं असं मोठ्यानं म्हणून तिला पाण्याखाली नेलं. वर काढलं. तापलेल्या अंगाला ते पाणी कसं लागलं असेल कोण जाणे. इतके दिवस न बोललेली पोर एकदम शुद्धीवर आल्यासारखी झाली, तिनं आईच्या गळ्याला मिठी मारली, इतकी घट्ट की नखं रुतली, आणि स्पष्ट म्हणाली, "आई, थंड. पुरे." पोतामिया डोणीत वाकलेली होती. तिनं दुसरं नाव घेतलं. हात खाली गेले नाहीत. तिसरं नाव घेतलं, तेव्हाही ते गेले नाहीत. मग तिनं पोरीला कापडात गुंडाळून छातीशी धरलं आणि भिंतीला टेकून बसून राहिली. वास्सा दुसऱ्या दिवशी दुपारी गेली.

धर्मगुरू त्यानंतर आले. भले होते, दमलेले होते. बाप्तिस्मा झाला का, त्यांनी विचारलं. झाला, मीच दिला, वेळ नव्हता, ती म्हणाली. त्यांनी मान हलवली, अडचणीच्या वेळी चालतं म्हणाले. तीनदा ना? तीनदा, ती म्हणाली. वास्साला मंडळीच्या जागेत पुरलं, आणि तो शब्द ठरला की नाही हे तिला कधीच कळलं नाही. त्यानंतरची दोन वर्षं कशी गेली हे तिला सांगता आलं नसतं. ती लोकर पिंजत असे आणि मोजत असे. एक, दोन, तीन. पेळू मोजताना, पायऱ्या चढताना, भाकरीचे तुकडे करताना. बायका म्हणत, दुःखानं होतं असं काहींना. ती बंद गल्लीत फिरावं तशी एकाच प्रश्नाभोवती फिरत होती, आणि प्रश्न कुणाला विचारण्यासारखा नव्हता, कारण विचारायचा तर आधी खोटं कबूल करायला हवं होतं, आणि खोटं कबूल केलं तर पोरीला त्या जागेतून काढतील की काय याची भीती. मग एका उन्हाळ्यात पूर्वेकडून आलेला कुणी शिकवणारा भाड्याच्या दिवाणखान्यात बोलतो असं कळलं. शेजारणीनं तिला ओढून नेलं. ती मागं उभी राहिली. अजन्मा आणि जन्मलेला याचं तिला काहीही समजलं नाही. शेवटी तो माणूस, उकाड्यानं मान पुसत, अगदी सहज म्हणाला की आपण ख्रिस्ताच्या मरणात बुडतो, आणि मरण एकच होतं, म्हणून बुडीही एकच. तीन म्हणजे माणसांनी घातलेली भर. पोतामियानं खांबाला हात धरला. त्या रात्री ती झोपली, आणि सकाळी पेळू न मोजता वळले.

बाकी सगळं त्या एका वाक्यामागून आलं. ती त्यांच्यातली झाली, त्यांची वाक्यं शिकली, चाळिशीत त्यांनी तिला सेविका केलं, हातात तेलाचं भांडं दिलं. तिच्याइतक्या हळुवार हातांची दुसरी कुणी नाही असं सगळे म्हणत. म्हाताऱ्या बायका, बाळंतीण होऊन उठलेल्या, दासी, एकदा एक हाकललेली नाटकातली नटी. प्रत्येक पाठ ती तेलानं माखायची, पाण्यात उतरवायची आणि एका बुडीनंतर वर ओढून घ्यायची, आणि प्रत्येक वेळी आत कुठंतरी काहीतरी पुन्हा एकदा ठीक होत असे. इतकी वर्षं ते ठीक होत आलं होतं. आता कुणीतरी भिंतीपलीकडं कुंड खाऱ्या पाण्यानं घासत होतं.

पुनरुत्थानाचा सण होऊन दोन आठवडे झाल्यावर नव्या धर्मगुरूंचं बोलावणं आलं. एल्पिदियोस त्यांचं नाव, कप्पादोकियाकडचे, तिशीचेही नसतील. तिकडच्या लोकांसारखे ते शब्द गिळून बोलत, आणि समुद्राच्या ओल्या हवेनं त्यांना सारखा खोकला असे. त्यांनी तिला बसायला स्टूल दिलं, स्वतः उभे राहिले. ते काय म्हणणार हे तिला माहीत होतं आणि ते तेच म्हणाले. पुनरुत्थानानंतरच्या पन्नासाव्या दिवसाच्या सणाला बाप्तिस्मे आहेत. या भागातल्या बायका तिच्या तोंडाकडं बघतात. ती आली तर त्या येतील. सेविकेचं पद त्यांना देता येणार नाही, वरून परवानगी नाही, पण खोली राहील, जेवण राहील, विधवांत नाव राहील. नाही आली तर खोली सोडावी लागेल, आणि वेशीच्या आत एका बुडीच्या लोकांना एकत्र जमायची बंदी आहे हे तिला ठाऊक असेलच. हे सांगताना त्यांना आनंद होत नव्हता. पोतामिया त्यांच्या पायांकडं बघत होती. बोटांना थंडीच्या गाठी आल्या होत्या, उन्हाळा तोंडावर आला तरी बऱ्या झालेल्या नव्हत्या. तिनं ठरवलं नव्हतं, पण ती बोलायला लागली, आणि वास्साचं सगळं सांगून टाकलं; डोणीसकट, शेजारणीसकट, 'तीनदा' म्हणाली त्या खोट्यासकट. एकतीस वर्षांत पहिल्यांदा. सांगायला फार वेळ लागला नाही.

एल्पिदियोस खाली बसले. मग म्हणाले, "नावं तिन्ही घेतलीत?"

"घेतली."

"मग पाण्यात एकदाच का?"

"थंडी वाजत होती तिला, बाबा."

त्यांनी हातातली यादी गुंडाळली, उलगडली. तेव्हा एका बुडीचं मत निघालं तरी होतं का, त्यांनी विचारलं, आणि ती म्हणाली, निघालं असेल, मला माहीत नव्हतं. ते उत्तर शोधत होते हे तिला दिसत होतं, आणि मनातल्या मनात ती त्यांना त्यासाठी वेळ देत होती, एखाद्या बाईला पायरी उतरायला देते तसा. शेवटी ते म्हणाले, "आई, नियम जिवंतांसाठी आहे. त्या पोरीचं देव बघून घेईल. तिचं झालं असं मी म्हणू शकत नाही, झालं नाही असंही म्हणणार नाही." हे त्यांनी प्रामाणिकपणे म्हटलं होतं. जुने धर्मगुरू असते तर त्यांनी वाक्य म्हणून दाखवलं असतं.

"मी तीनदा बुडाले," पोतामिया म्हणाली, "तर एकदा बुडालेल्यांचं झालं नव्हतं, असं मी माझ्या तोंडानं म्हटल्यासारखं होतं ना?"

एल्पिदियोस खोकले. "होतं," ते म्हणाले.

"मग नको. मी तिच्या बाजूला राहते."

त्यांनी आग्रह केला नाही. दाराशी ती वाकली नाही आणि त्यांनी आशीर्वादाचा हात उचलला तो अर्ध्यावर खाली घेतला. बाहेर ऊन होतं. आपण काही मोठं केलं असं तिला वाटत नव्हतं. उलट जरा फसवल्यासारखं वाटत होतं, कारण लोक आता म्हणणार की पोतामिया मतासाठी उभी राहिली, अजन्म्यासाठी, आणि वेशीबाहेर गेलेले ते चाळीसजण तिला आपली म्हणून निरोप पाठवणार. तसा निरोप आलाही, मोठ्या शब्दांत. तिनं उत्तर दिलं नाही. खोली सोडायला तिला एक सकाळ पुरली. अंथरूण, लोकर पिंजायच्या दोन फण्या, एक रांजण. कालांदियोननं दोरखान्यामागची अंबाडी ठेवायची माडी तिला झाडून दिली. वर चढायला शिडी होती, आणि तो शिडी धरून म्हणाला, "मावशी, इथं तीन पायऱ्या मोडक्यात. एकच धड आहे. तुमच्या मताचीच आहे शिडी." ती हसली. खूप दिवसांनी हसली, आणि अंबाडीच्या धुळीनं तिला शिंका आल्या.

सणाच्या आदल्या दिवशी सकाळी बाप्तिस्म्याला एकोणीस बायका होत्या. आत नवी सेविका होती, जाडजूड, दुसऱ्या भागातून आणलेली, ठणठणीत आवाजाची. पोतामिया यायची नव्हती. पण मार्थाना शिडीखाली उभी राहिली आणि म्हणाली, माझे कोरडे कपडे कोण धरणार, त्या बाईला मी ओळखत नाही. म्हणून ती आली, आणि मागच्या अंगणात, ज्या बाजूनं कुंडाचं पाणी गटारात सोडतात त्या पायरीवर, मार्थानाचे कपडे मांडीवर घेऊन बसली. आत जायला तिला मनाई होती. एल्पिदियोसनी तिला तिथं बसलेलं पाहिलं आणि न पाहिल्यासारखं केलं. भिंत पातळ होती. ती या भिंतीच्या दुसऱ्या बाजूला राहून आवाज ओळखायला शिकलेली होती. पडद्याच्या कड्या सरकल्या. ओली पावलं पायरी उतरली. पित्याच्या नावानं, आणि पाणी वाजलं. पुत्राच्या, आणि पाणी वाजलं. पवित्र आत्म्याच्या, आणि वाजलं. मग कापडाची फडफड, आणि कुणीतरी दात वाजवत श्वास घेतला.

पोतामिया ताठ बसली. झालं? तिला वाटलं, काहीतरी चुकलं असेल, घाई केली असेल. ती दुसऱ्या बाईसाठी कान देऊन थांबली. पुन्हा तेच. तिसरी, चौथी. एकतीस वर्षं तिच्या मनात त्या राहिलेल्या दोन बुड्या लांबच लांब होत्या, एका रात्रीएवढ्या, हिवाळ्यातल्या समुद्राएवढ्या; त्यात पोर खाली जायची आणि वर यायला इतका वेळ लागायचा की आईच्यानं बघवायचं नाही. आणि इथं तिन्ही आवाज एकमेकांच्या इतके पाठोपाठ येत होते की माहीत नसलेल्या माणसाला तो एकच वाटला असता. तिनं श्वासाशी मोजून पाहिलं. एका श्वासात तिन्ही झाल्या. एवढं वास्साला सोसलं असतं. हा विचार आला आणि बसून राहिला, आणि ती त्याच्याकडं बघत राहिली. रडू येईल असं तिला वाटलं, ते आलं नाही. गटारातून दुधाळ पाणी तिच्या पायांजवळून वाहत गेलं, तेलाचे डोळे त्याच्यावर तरंगत होते. एकदा बुडवून थांबलेले ते हात तिनं कपड्यांखालून काढून पाहिले. म्हातारे झाले होते. त्यांनी थांबायला नको होतं की थांबले तेच बरं, हे तिला या वयात, या पायरीवर कळणार नव्हतं, आणि आतले लोक कितीही सभा भरवोत, ते त्यांनाही कळणार नव्हतं. एवढंच तिला ठाऊक होतं की पोर पुरे म्हणाली होती.

किती बायका झाल्या याचं भान तिला राहिलं नाही. मागचं दार उघडलं आणि मार्थाना बाहेर आली, ओल्या कापडात, ओठ निळे, केस गालांना चिकटलेले, पोटावर एक हात धरलेला. नवी सेविका आतून काहीतरी ओरडत होती, इकडून नाही, समोरून जायचं असतं. मार्थानानं तिकडं लक्ष दिलं नाही. "मावशी, कापड," ती म्हणाली. पोतामिया उठली. तिनं ओलं काढून कोरडं तिच्याभोवती गुंडाळलं, तिला उन्हाकडं वळवलं आणि तळहातांनी तिची पाठ चोळायला लागली.

"थंड होतं?" तिनं विचारलं.

"होतं," मार्थाना म्हणाली. दात वाजत होते. "पण लगेच झालं. आणि दर वेळी वर आले की वाटायचं, आता पुरे."

पोतामिया पाठ चोळत राहिली, कातडी लाल होऊन गरम लागायला लागेपर्यंत.